चौदा सेंटिमीटरांचा दोष कोणाचा?

मी एक जुनी दुर्बीण आहे. पण मित्रांनो, चंद्र-तारे दिसतील या आशेने माझ्याकडे आलात, तर तुमची निराशा होईल. माझे सगळे काम जमिनीवरचे. रस्ता कुठे चढतो, गटार कुठे उतरते, इमारतीचा पाया एका पातळीत आहे की नाही, हे मी पाहते. इंजिनिअर मंडळी मला 'लेव्हल' म्हणतात, मजूर 'दुर्बीण' म्हणतात. मला मजुरांनी ठेवलेले नाव जास्त आवडते.

आज माझ्या हिरव्या रंगाचे टवके उडाले आहेत आणि एक स्क्रू दुसऱ्याच कुठल्या यंत्राचा लावलेला आहे. पण एके काळी एका सरकारी कामाच्या भांडणात मला आरोपीसारखे उभे केले होते. मी खरे बोलते की खोटे, यावर तीन माणसांची अब्रू अडकली होती. तीच हकीकत तुम्हाला सांगते.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. तिथे काचा घासण्याचा बारीक आवाज दिवसभर चाले. माझ्या आत केसाहूनही बारीक अशी एक आडवी रेघ बसवली गेली. ती रेघ म्हणजे माझी नजर. अंगावर काचेची एक छोटी नळी आली आणि नळीत एक बुडबुडा. बुडबुडा बरोबर मध्यावर आला की माझी नजर अगदी आडवी आहे असे समजायचे. ज्या कारागिराने मला शेवटचे तपासले, तो शेजाऱ्याला म्हणाला, "हिची नजर सरळ आहे, भरा पेटीत." माझ्या आयुष्यातली ती पहिली शाबासकी.

मला विकत घेतले ते एका कंत्राटदारबाईंनी. वडिलांच्या मागे त्यांनी धंदा सांभाळला होता. बोलणे रोखठोक, चालणे भरभर. त्यांनी मला तात्यांच्या हातात दिले. तात्या त्यांच्याकडचे मोजणीदार. तीस वर्षे हेच काम केलेले. रोज सकाळी ते मऊ फडक्याने माझी काच पुसत, मला तिपाईवर बसवत आणि मगच स्वतःचा चष्मा पुसत. समोर उंच मापाची पट्टी धरून मावशी उभ्या राहत. मावशी मूळच्या विटा वाहणाऱ्या. पण पट्टी इतकी ताठ धरत, की तात्यांनी त्यांना दुसऱ्या कामाला कधी जाऊच दिले नाही. माझी रेघ पट्टीवरच्या ज्या आकड्यावर टेकेल, तो आकडा तात्या मोठ्याने वाचत आणि वहीत लिहीत. आम्ही तिघांनी मिळून दोन पूल, एक शाळा आणि कितीतरी रस्ते मापले. एका पुलाचे दोन अर्धे भाग दोन काठांवरून येऊन मधोमध जुळले, तेव्हा फरक बोटाच्या नखाएवढासुद्धा नव्हता. बाईंनी त्या दिवशी माझ्या पेटीवर थाप मारली होती.

मग आले ते सांडपाण्याच्या पाइपाचे काम. काम सरकारी होते. दीड किलोमीटर पाइप टाकायचा, रस्त्याखालून पाणी नेणाऱ्या मोरीपासून ते उताराच्या गल्लीपलीकडे होणाऱ्या पंपघरापर्यंत. या गल्लीत साठ घरे होती आणि त्यांतले एक घर मावशींचे. "आमच्या दारातलं उघडं गटार जाणार, तात्या," असे त्या रोज एकदा तरी म्हणत.

अशा कामात सुरुवातीला खात्याकडून उंचीची खूण मिळते. मोरीच्या कोपऱ्यात एक दगड होता. त्याची उंची किती, हे खात्याच्या साहेबांनी पत्राने कळवले. दुसरी खूण पंपघराच्या जागेजवळ होती. या दोन्ही खुणांचा आपसात मेळ बसतो का, हे आधी तपासून पाहायचे असते. करारात तसे कलमच होते. तात्यांनी एक दिवस मागितला.

साहेब तरुण होते आणि त्यांच्यावर वरून घाई होती. ते म्हणाले, "खुणा सरकारी आहेत, तात्या. त्यांत काय तपासायचंय? उद्यापासून खोदाई सुरू करा."

तात्यांनी मान डोलावली. मित्रांनो, ती मान डोलावताना मी पेटीत होते, पण त्यांचा हात माझ्या झाकणावर होता आणि तो थोडा अडखळलेला मला जाणवला.

काम निम्म्यावर आले असताना मी पडले. चरावर एक फळी टाकलेली होती. तात्या मला तिपाईसकट खांद्यावर घेऊन फळीवरून निघाले होते. चिखलाने पाय सरकला. ते कसेबसे सावरले, मी मात्र थेट खाली पाइपावर आदळले. काच फुटली नाही. बुडबुडासुद्धा शाबूत राहिला. पण माझ्या आतली ती बारीक रेघ किंचित वर सरकली, हे मला त्याच क्षणी कळले. सांगायला मला तोंड नव्हते.

दुसऱ्या दिवशी इतर कोणी येण्याआधी तात्यांनी मावशींच्या हाती पट्टी देऊन मला तपासले. पन्नास मीटरवर पाच मिलिमीटरची चूक निघाली. दुरुस्तीला पाठवायचे तर तीन आठवडे काम बंद पडणार होते. शिवाय बाईंना दोन-तीन जणांनी सुचवले होते, की तात्यांचे वय झाले, आता नवीन यंत्र आणि नवीन माणूस घ्या.

"मावशी, हे कुणाला बोलू नका," ते म्हणाले.

"मी कशाला बोलू? पण पाइप नीट बसेल ना?" मावशींनी विचारले.

"बसेल. त्याची काळजी मी घेतो."

आणि त्यांनी ती घेतली. माझ्यातला दोष असा होता, की मी जितके लांब पाहीन तितकी माझी चूक वाढायची. पण मला दोन जागांच्या बरोबर मधोमध उभे केले, तर मागे पाहतानाही तेवढीच चूक आणि पुढे पाहतानाही तेवढीच. एकातून दुसरे वजा केले की चूक उरतच नाही. म्हणून त्या दिवसापासून तात्या पावले मोजू लागले. पस्तीस मागे, तर पस्तीस पुढे. वहीच्या समासात ते पावलांचे आकडेही लिहीत. मावशीसुद्धा ओठांतल्या ओठांत मोजत चालत. काम दुप्पट वाढले, पण उतार बिघडला नाही. मी मात्र मनातून खचले होते. आजारी माणसाला कामाला लावून 'त्याला काही झालेलं नाही' म्हणत राहावे, तसे माझे चालले होते.

पाइप पुरला गेला. शेवटचे तोंड झाकण लावून बुजवले. पुढे दुसऱ्या एका कंत्राटदाराने पंपघर बांधले आणि आमचा पाइप त्याला जोडून घेतला. खात्याने काम ताब्यात घेतले, बाईंचे कौतुक झाले. करारानुसार पुढची दोन वर्षे कामात दोष निघाला तर तो कंत्राटदाराने निस्तरायचा होता. दहा महिने काहीच झाले नाही.

अकराव्या महिन्यात उताराच्या गल्लीत रस्त्यावरची झाकणे उचलली गेली आणि घाण पाणी वर आले. आधी रस्त्यावर, मग उंबऱ्यात, मग घरांत. मावशींनी अंथरुणे टेबलावर रचली. चौथ्या दिवशी त्यांच्या नातीला जुलाब-उलट्या होऊन दवाखान्यात ठेवावे लागले. गल्लीतली आणखी अकरा मुले तिथेच होती.

खात्याने पंपघराजवळ खोदून पाहिले. आमचा पाइप भिंतीतल्या भोकापेक्षा चौदा सेंटिमीटर खाली आला होता. दुसऱ्या कंत्राटदाराने शेवटचे दोन पाइप गुपचूप वर चढवून भोकात बसवले होते. पाणी चढ कसे चढणार? मागे तुंबत गेले आणि गल्लीत शिरले.

बाईंना नोटीस आली. मोजमापात निष्काळजीपणा केला, सबब संपूर्ण दीड किलोमीटर पाइप स्वतःच्या खर्चाने उखडून नव्याने टाकावा, नाहीतर नाव काळ्या यादीत जाईल. काळ्या यादीत गेलेल्याला पुन्हा सरकारी काम मिळत नाही. बाईंकडची चाळीस माणसे त्याच कामांवर जगत होती.

बाईंनी नोटीस तात्यांच्या पुढ्यात ठेवली. "तात्या, एकच विचारते. आपली चूक आहे का?"

"उतार बरोबर आहे, बाई."

"मी उताराचं विचारलं नाही. चूक आहे का, ते विचारलं."

"नाही," तात्या म्हणाले. पण माझ्या पडण्याविषयी ते काही बोलले नाहीत.

कोणीतरी मात्र बोलले. कामावरून काढलेल्या एका मजुराने साहेबांच्या कानावर घातले, की दुर्बीण पडली होती. लगेच खात्याचा माणूस आला, माझ्या पेटीला दोरी बांधली आणि गाठीवर लाखेची मोहोर केली. पुरावा म्हणून मी एका कपाटात गेले. आठ महिने मी अंधारात काढले. कोणी काच पुसली नाही. माझ्या कडांना बुरशी धरली. मित्रांनो, बिघडलेले असणे वाईटच. पण आपण बिघडलेले आहोत हे एका माणसाला माहीत आहे आणि तो गप्प आहे, हे त्याहून वाईट.

भांडण लवादापुढे गेले. लवाद म्हणजे दोन्ही बाजूंनी मान्य केलेला पंच. हे पंच पांढऱ्या केसांचे, निवृत्त अभियंता होते. बोलत थोडे, लिहीत फार. त्यांच्या टेबलावर माझी पेटी ठेवली होती. एका बाजूला बाई आणि त्यांचे वकील, दुसऱ्या बाजूला साहेब आणि खात्याचे वकील. मागच्या बाकावर मावशी.

सुनावणीच्या आधी बाईंच्या वकिलांनी तात्यांना खिडकीपाशी नेले होते. "पडल्याचं सिद्ध करणं त्यांचं काम आहे. तो मजूर उलटतपासणीत टिकणार नाही. तुम्ही फक्त 'आठवत नाही' म्हणा."

खात्याच्या वकिलांनी पहिलाच प्रश्न विचारला, "ही दुर्बीण काम चालू असताना पडली होती का?"

तात्यांनी पेटीकडे पाहिले. मग मागे वळून मावशींकडे पाहिले. मावशी त्यांच्याकडे पाहत नव्हत्या. त्या स्वतःच्या तळहातांकडे पाहत होत्या.

"पडली होती," तात्या म्हणाले. "माझ्या हातून पडली. दुसऱ्या दिवशी तपासली, तेव्हा नजर बिघडलेली निघाली. मी कुणाला सांगितलं नाही. बाईंनासुद्धा नाही."

बाईंच्या हातातले पेन टेबलावर पडले. त्यांनी ते उचलले नाही.

पंचांनी मोहोर तोडायला सांगितली. कचेरीच्या आवारात पन्नास मीटर अंतरावर दोन खुंट्या ठोकल्या. आठ महिन्यांनी मी उजेडात आले. आधी मला दोन खुंट्यांच्या मधोमध उभे केले आणि खुंट्यांच्या उंचीतला फरक काढला. मग एका खुंटीजवळ उभे करून तोच फरक पुन्हा काढला. मी निरोगी असते, तर दोन्ही उत्तरे एकच आली असती. पट्टी मावशींनीच धरली होती. पहिले उत्तर तीनशे बारा मिलिमीटर आले. दुसरे तीनशे सतरा.

खात्याचे वकील हिशेबाला चलाख होते. "पन्नास मीटरला पाच मिलिमीटर. म्हणजे दीड किलोमीटरला दीडशे. पंधरा सेंटिमीटर! आणि पाइप चुकलाय चौदांनी. अजून काय पुरावा हवा?"

आकडे इतके जुळत होते, की मलाही क्षणभर वाटले, हे सगळे माझ्याच हातून झाले. दवाखान्यातली ती बारा मुले माझ्याच नजरेमुळे. बाईंनी डोळे मिटून घेतले.

"साहेब, जरा वही बघाल?" तात्या पंचांना म्हणाले. "समासात पावलं लिहिलीत. मागची आणि पुढची. पडल्यानंतर एकही माप मी असमान अंतरावरून घेतलेलं नाही."

पंचांनी पाने उलटली. पस्तीस, पस्तीस. बत्तीस, बत्तीस. चाळीस, चाळीस. त्यांनी विचारले, "पावलं कोण मोजायचं?"

"मी पण मोजायचे," मावशी उभ्या राहून म्हणाल्या. "घर माझं आहे त्या गल्लीत. नात माझी होती दवाखान्यात. तात्या चुकले असते, तर मीच सगळ्यांत आधी ओरडले असते."

"वह्या नंतरही लिहिता येतात," खात्याचे वकील म्हणाले.

"येतात," पंच म्हणाले आणि त्यांनी टोपी घातली. "म्हणून आपण चालत जाऊ."

त्यांनी पंपघराजवळच्या खुणेपासून मोरीच्या दगडापर्यंत सगळी मापे नव्याने घ्यायला लावली. मी मधोमध उभी राहायची आणि माझ्या शेजारी खात्याचे कोरे करकरीत यंत्र. प्रत्येक ठिकाणी आधी त्याचे उत्तर, मग माझे. ऊन चढले. वकिलांनी कोट काढले. गल्लीतले लोक दारांत उभे राहून पाहत होते. प्रत्येक मुक्कामी माझी काच थरथरत होती. वाऱ्याने, असे मी आज म्हणेन.

तिसऱ्या प्रहरी आम्ही मोरीपाशी पोहोचलो. खात्याच्या यंत्राने दगडाची उंची सांगितली. साहेबांनी पत्रातला आकडा पाहिला आणि पत्राची घडी पुन्हा उलगडून पाहिली. दगड पत्रातल्या आकड्यापेक्षा चौदा सेंटिमीटर खाली होता. मग माझे उत्तर आले. एक मिलिमीटरचाही फरक नव्हता.

पंच गुडघे टेकून खाली बसले. दगडाभोवतीचे सिमेंट मोरीच्या सिमेंटहून वेगळे, ताजे दिसत होते. समोर सायकली दुरुस्त करणारा एक माणूस बसायचा. त्याला विचारले.

"तो दगड ना? रस्त्याच्या कामाचा रोलर चढला होता त्याच्यावर. उखडलाच होता. दुसऱ्या दिवशी त्यांनीच परत बसवला. पाइपाच्या आधीची गोष्ट आहे ही."

साहेबांचा चेहरा उतरला. "मी यादीतला आकडा दिला," ते हळू म्हणाले. "यादी अकरा वर्षांची होती. मी स्वतः येऊन पाहिलं नाही."

पाइपाच्या सबंध लांबीत उतार तंतोतंत होता. सगळा पाइप मिळून चौदा सेंटिमीटर खाली बसला होता, एवढेच. एकही पाइप उखडण्याची गरज नव्हती. पंपघरातले भोक तेवढे खाली घ्यायचे आणि चढवलेले शेवटचे दोन पाइप सरळ करायचे होते.

महिन्याभराने निकाल आला. चुकीची खूण दिली, म्हणून तीन हिस्से दोष खात्याचा. करारात कलम असूनही खूण तपासली नाही, म्हणून एक हिस्सा कंत्राटदाराचा. चढवलेल्या पाइपांबद्दल दुसऱ्या कंत्राटदाराला खात्याने वेगळे विचारावे. काळ्या यादीची नोटीस रद्द झाली. पण निकालात आणखी एक वाक्य होते. यंत्र पडल्याची गोष्ट दडवणाऱ्या मोजणीदाराने एक वर्ष कोणत्याही सरकारी कामाच्या मापांवर सही करू नये.

तात्या निकाल वाचून माझी पेटी घेऊन बाईंकडे आले.

"मला आधी सांगायला काय झालं होतं?" बाईंनी विचारले. त्यांचा आवाज चढला नव्हता, म्हणूनच तो ऐकवेना. "तीन आठवडे काम थांबलं असतं, तात्या. थांबवलं असतं मी. तुम्ही मला इतकीच ओळखलीत?"

"भीती वाटली, बाई. हात थरथरायला लागलेत हे तुम्हाला कळेल म्हणून."

"ते मला आधीच माहीत होतं. म्हणून तर मावशींना तुमच्याबरोबरच राहू दिलं होतं."

बाईंनी त्यांना कामावरून काढले नाही. पण त्या दिवसापासून त्या त्यांच्याशी कामापुरतेच बोलू लागल्या आणि पूर्वीचे हसणे परत यायला बराच काळ लागला. काही गोष्टी निकालाने मिटत नाहीत, मित्रांनो.

भोक खाली घेतले गेले. पाणी वाहू लागले. मावशींनी घराच्या भिंतीवरचे घाण पाण्याचे डाग खरवडून काढले आणि वर चुना दिला. त्यांची नात बरी होऊन शाळेत जाऊ लागली.

मला अखेर दुरुस्तीला पाठवले. रेघ जागेवर बसली. आता मी एका प्रशिक्षण शाळेत आहे. सर्व्हे शिकणारी मुले-मुली माझ्यातून पाहतात, काही जण बुडबुडा मध्यावर आणायला विसरतात, मग हसतात. तुम्हालाही कधी माझ्यासारखे एखादे यंत्र हाताळायला मिळेल. त्याला पुसा, पेटीत ठेवा, हे तर सगळेच सांगतील. मी एवढेच म्हणेन, की दुसऱ्याने दिलेली खूण एकदा स्वतः जाऊन पाहा. आणि यंत्र तुमच्या हातून पडले, तर त्याच दिवशी तोंड उघडा. आम्हाला ओरडता येत नाही हो. आमच्या वतीने तुम्हीच बोलायचे असते.

दुरुस्ती करणाऱ्याने माझ्या झाकणाच्या आत एक कार्ड चिकटवले आहे. तारीख, काय झाले, कोणाची सही, असे तीन रकाने. कार्ड कोरे होते. दुरुस्तीनंतर तात्या मला न्यायला आले, तेव्हा त्यांनी खिशातून पेन काढले आणि दुरुस्तीची तारीख न लिहिता तीन वर्षांपूर्वीची तारीख लिहिली. अक्षर वाकडे आले. पुढच्या रकान्यात लिहिले, 'माझ्या हातून पडली.' आणि त्यापुढे पूर्ण नावाने सही केली.